पहिलीच्या उंचीनं

जगातली कुठलीही वस्तू निरुपद्रवी नसते, तिला अजून संधी मिळालेली नसते एवढंच, अशी पक्की खात्री असलेला एकच माणूस मी आयुष्यात पाहिला, आणि नेमका तोच माझ्या थोरल्या बहिणीला नवरा म्हणून मिळाला. आमचे दाजी जिल्हा परिषदेच्या प्राथमिक शाळेत मास्तर होते. साप, दरोडेखोर, वरचे साहेब, कुणाचीही त्यांना कधी भीती वाटली नाही. भीती वाटायची ती खिळ्याची, टेबलाच्या कोपऱ्याची, दाराच्या कडीची आणि भिंतीवरच्या भारताच्या नकाशाची. नकाशाला वर-खाली दोन लाकडी दांड्या असतात. दोरी तुटली तर खालची दांडी कन्याकुमारीखाली बसलेल्या पोराच्या टाळक्यात पडणार, हे त्यांनी नकाशा हातात घेताक्षणी ताडलं होतं. म्हणून आमच्या शाळेत भारत देश जमिनीवर अंथरलेला असे आणि पोरं त्याच्याभोवती गोल करून बसत. त्या गावातल्या एका अख्ख्या पिढीला हिमालय खिडकीकडे आणि समुद्र दाराकडे असतो असं वाटत असे, आणि ती पिढी आता सोसायटीत, पंचायतीत, सगळीकडे आहे.

मी त्यांना पहिल्यांदा पाहिलं ते आक्काच्या लग्नात. लग्नात नवऱ्या मुलाचं लक्ष नवरीकडे असावं अशी साधारण अपेक्षा असते. दाजींचं लक्ष मांडवातल्या गॅसबत्तीकडे होतं. ती एका आडव्या बांबूला सुतळीनं टांगली होती आणि तिच्या बरोबर खाली, नवा परकर सावरत, मी बसले होते. सगळे उभे राहिले, आता हार घालायचे, तेवढ्यात नवरदेव हातातल्या हारासकट मंचावरून खाली उतरले, गर्दीतून वाट काढत माझ्यापर्यंत आले आणि आमच्या बाबांना म्हणाले, "मामा, ह्या पोरीच्या डोक्यावर काय टांगलंय, बघितलाव का?" मग त्यांनी मला दंडाला धरून मंचावर नेलं आणि आक्काच्या शेजारी उभं केलं. त्या लग्नाचा एकच फोटो आहे. त्यात नवरा-नवरीच्या मधोमध मी आहे आणि नवरा वर बघतो आहे. बाबा त्या दिवशी जेवताना म्हणाले, "पोरगं जरा येडं हाय. पन आपल्या पोरीकडं बघितलं त्यानं." बाबांकडून याहून मोठं प्रशस्तिपत्र कुणाला मिळाल्याचं मला आठवत नाही.

पुढं मीही मास्तरीण झाले, आणि नेमणूक झाली ती दाजींच्याच शाळेवर. तेरच्या अलीकडं, एस्टीच्या फाट्यापासून बरंच आत असलेलं ते गाव. राहायला आक्काकडेच. घरी मी त्यांची मेहुणी, म्हणजे त्यांची टिंगल करायचा मला रीतसर हक्क; शाळेत ते हेडमास्तर. शाळेची पायरी चढली की 'अगं'चं 'बाई' आणि 'तू'चं 'तुम्ही' होई. पहिल्या दिवशी त्यांनी मला हजेरीपट दिला नाही, खडू दिला नाही. मोकळ्या वर्गात नेऊन म्हणाले, "बसा, बाई." मी खुर्चीकडे वळले. "तिथं न्हाय. गुडघ्यावर." मला वाटलं, चेष्टा करतात. पण ते स्वतः आधीच गुडघ्यावर उतरले होते. "उभ्या माणसाला वर्ग दिसतच न्हाय," ते खालून म्हणाले, "उभ्या माणसाला नुस्ती भिंत दिसती. वर्ग बघायचा तर पहिलीच्या उंचीनं बघायचा." नवीन लुगड्याचा ओचा सावरत मी हसत हसत खाली टेकले आणि वळले, तर दाराची लोखंडी कडी माझ्या डोळ्यापासून बोटभर अंतरावर. उभी असताना ती कमरेपाशी होती, म्हणून दिसलीच नव्हती. मी हसायची थांबले, पण थोडाच वेळ, कारण तोवर दाजी गुडघ्यांवर पुढं निघून बाकीच्या वर्गाशी बोलू लागले होते. "ह्यो बघा कोपरा. लबाड हाय. आन् ह्यो उंबऱ्याचा टवका, मागल्या साली तासला तर पुन्ना उगवलाय."

ही गुडघाफेरी दर सोमवारी, पोरं यायच्या आत होत असे, आणि जूनमध्ये शाळा उघडायच्या आधी तर रोज. त्यामुळं दाजींचा पायजमा नेहमी गुडघ्यावर फाटे. आक्का ठिगळ लावी, मग ठिगळावर ठिगळ लावी, आणि सुई दातात धरून म्हणे, "लोकांचे नवरे बसून बसून फाडत्यात, आमचे रांगून फाडत्यात." टेबलाच्या चारी कोपऱ्यांना दाजींनी चिंध्या गुंडाळल्या होत्या, त्यामुळं ते टेबल कुठल्यातरी अपघातातून वाचून आल्यासारखं दिसे. शाळेची घंटा म्हणजे कडुनिंबाला टांगलेला रुळाचा तुकडा. तो पडला तर कमीत कमी उंचीवरून पडावा म्हणून त्यांनी तो इतका खाली घेतला की वाजवणाऱ्याला मांडी घालून बसावं लागे, आणि तिचा आवाज शेजारी बांधलेल्या शेळीपलीकडं जात नसे. छडी त्यांनी बंद केली होती. दयाबुद्धीनं नव्हे, तिचं टोक डोळ्यात जाऊ शकतं म्हणून. यावर पालक तक्रार घेऊन आले, गुरुजी मारत नाहीत, लेकरू शिकणार कसं? "मारतो की," दाजी दुखावून म्हणाले, "रुमालानं मारतो." आणि खरोखरच ते रुमालाची घडी करून मारत. पोरं मार खायला रांग लावत.

विंचवांची गोष्ट मात्र हसण्यावारी नेण्यासारखी नव्हती. आमच्याकडं तरटाच्या पट्ट्या, भेगाळलेली जमीन आणि दगडमातीच्या भिंती. विंचवाला याहून चांगलं घर सापडायचं नाही. रोज सकाळी दाजी पट्ट्या बाहेर काढून काठीनं झोडपत, पुन्हा अंथरत, आणि एवढ्यानंही समाधान न झाल्यामुळं पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत प्रत्येक पोराच्या जागेवर आधी स्वतः बसून बघत. "आता बस," असं प्रत्येकाला सांगून पुढच्या जागेवर सरकत. एके दिवशी तिसरीच्या ओळीत ते बसले आणि तसेच उभे राहिले. चेहरा पांढराफटक, पण तोंडातून हूं की चूं नाही. पोरं घाबरतील म्हणून त्यांनी पाढे सुरू केले, आणि त्या दिवशी सत्तावीसचा पाढा त्यांनी ज्या आवाजात म्हटला तो गावाच्या वेशीबाहेर ऐकू गेला. नंतर बरेच दिवस ते उभ्यानंच शिकवत आणि उभ्यानंच जेवत. कुठं चावला, असं गावातलं कुणी विचारलं की आक्का तोंडाला पदर लावून आत जाई.

शाळेवर पत्रे होते आणि पत्रे वाऱ्यानं उडू नयेत म्हणून आमच्या भागात ठेवतात तसे त्यांच्यावर मोठाले दगड. या दगडांनी दाजींची झोप उडवली. काढावेत तर वावटळीत पत्रे उडणार, ठेवावेत तर दगड घरंगळणार. अखेर त्यांनी शिडी लावली, वर चढले आणि एकेका दगडाला तारेनं बांधून तारेची दुसरी टोकं भिंतीतल्या खुंट्यांना अडकवली. गाव बघायला जमलं. खालून कुणीतरी ओरडलं, "गुरुजी, दावनीला बांधलाव खरं, वैरन कवा टाकायची त्यान्ला?" दाजी वरूनच गंभीरपणे म्हणाले, "वैरन लागत न्हाय. पन सोडायचं न्हाय कुणी." पुढं शेजारच्या गावचे लोक बाजाराला जाताना वाकडी वाट करून आमचे बांधलेले दगड बघून जात.

मग बहात्तरचा दुष्काळ आला. विहिरी खडखडीत कोरड्या पडल्या, माणसं सरकारी कामावर खडी फोडायला जाऊ लागली आणि पोरं सकाळी उपाशीच शाळेत येऊ लागली. शाळेत कधी उप्पीट मिळे, कधी त्याचं सामानच येत नसे. त्याच सुमारास गावच्या सोसायटीकडं रेशनवर वाटायला मिलो, म्हणजे बाहेरदेशाची तांबडी ज्वारी, आली. सोसायटीचं गोदाम अर्धवट बांधून पडलेलं. तेव्हा पोती टाकायला गावात मोठं छप्पर एकच, आमची शाळा. सोसायटीच्या चेअरमनना सगळे चेरमन म्हणत. अंगानं दांडगे, बोलायला मोकळे, मनानं वाईट नव्हेत. पण एकदा खुर्चीत बसले की उठायचा भारी कंटाळा, इतका की गावात जिथं जातील तिथं खुर्ची त्यांच्या पुढं जाई. ते म्हणाले, "आठ दिसांचा प्रश्न हाय, गुरुजी." ते आठ दिवस काही केल्या संपेनात. मोठ्या वर्गाच्या निम्म्या भागात पोत्यांची थप्पी पत्र्याला भिडली, जुनी पोती तळाशी दबली, नवी वर चढली, आणि उरलेल्या निम्म्या भागात, थप्पीला अगदी खेटून, पहिलीचा वर्ग बसू लागला.

एका सोमवारी फेरी मारता मारता दाजी थप्पीपाशी थांबले ते बराच वेळ हललेच नाहीत. मला म्हणाले, "बाई, खाली या." मी टेकले. उभ्यानं बघताना थप्पी सरळ, भिंतीसारखी दिसत होती. खालून बघितलं तर तिचं पोट पुढं आलेलं, आणि तळाची पोती चेपून पार चपटी झालेली. त्यांच्या तागात बारीक बारीक भोकं होती, सगळी एकाच उंचीवर, बसलेल्या पहिलीच्या पोराचा हात जिथं पोचतो तिथं. पोरं पाटीवरच्या पेन्सिलीनं भोक पाडत आणि 'अ अननसाचा' म्हणता म्हणता मूठभर मिलो काढून कच्चीच खात. चेरमनची नातसुद्धा खायची. तिला घरी कमी नव्हतं, पण शेजारचे खातात तर आपण कसं मागं राहायचं? मला रडू आलं. दाजी मात्र नुसते थप्पीकडं बघत होते. "ही बया पडणार," ते म्हणाले, "आन् का पडणार ते कुनाला सांगायचं न्हाय." मला लगेच कळलं. थप्पी पडली तर लेकरं चिरडणार होती, आणि थप्पी का झुकली हे सांगितलं तर तीच लेकरं रेशनचे चोर ठरणार होती. त्या दुष्काळात रेशनची चोरी म्हणजे गंमत नव्हती. त्यांच्या आयाबापांना कामावरून हाकललं असतं.

तुम्ही म्हणाल, मग पोरं बाहेर बसवायची. दाजींनी तेही विचारलं होतं. चेरमन खूश होऊन म्हणाले, "बसवा की! म्हंजे सगळीच खोली मोकळी व्हती, अजून पोती यायलीत." एकदा पोरं उठली की ती खोली शाळेला परत मिळणार नव्हती. त्यातून कडुनिंबाखाली बसवावं तर दुष्काळानं वाळलेल्या फांद्या कडाकड मोडत होत्या. तेव्हा दाजींनी दोन उपाय केले. एक, दिवसभर ते स्वतः थप्पीला पाठ लावून, पाय रोवून उभे राहू लागले. तिथून हलता येत नसल्यामुळं फळ्यावर लिहायचं काम माझ्याकडं आलं. मी लिही आणि दाजी टेकूच्या जागेवरून अर्थ सांगत. दुसरा उपाय, त्यांनी दुष्काळी कामावरची फुटकी घमेली गोळा करून आणली आणि पहिलीच्या प्रत्येक लेकराच्या डोक्यावर एकेक पालथं घातलं. घमेल्यांच्या कडांनाही अर्थातच चिंध्या होत्या. वर्गात डोकावलं की पोरं दिसतच नसत, नुसती भुईछत्रं उगवल्यासारखी घमेली, आणि त्यांच्या आतून घुमत येणारी बाराखडी. अशात एकदा विस्तार अधिकारी अचानक तपासणीला आले. त्यांनी चिंध्या बांधलेलं टेबल बघितलं, जमिनीवरचा भारत बघितला, घमेली बघितली, थप्पीला टेकून नमस्कार करणारे हेडमास्तर बघितले. मग मला बाजूला घेऊन हळूच विचारलं, "हे घरी पण असेच असतात का?" "घरी जास्त," मी म्हटलं. साहेब पाणी प्यायले आणि आले तसे फाट्याकडं गेले.

असं किती दिवस चालणार होतं? दाजी थकले होते, पोरांच्या मानांना कळ लागत होती, आणि थप्पीचं पोट आणखी पुढं येत होतं. त्यात सोसायटीची सभा ठरली, अर्थातच शाळेत, त्याच खोलीत. चेरमनची खुर्ची पुढं येऊन बसली होती ती नेमकी पहिलीच्या जागेवर, थप्पीला पाठ करून. सगळे सभासद तरटाच्या पट्ट्यांवर बसले, मागं दारापाशी आमच्या वस्तीतले लोक उभे होते. मी पाण्याची कळशी घेऊन खिडकीशी. इथं एक गोष्ट सांगितली पाहिजे. आमची घरं छप्पन साली बौद्ध झालेली. आमच्या आजोबांच्या काळात या गावातही चेरमनच्या वडिलांपुढं आमच्या समाजाच्या माणसांना वाकून, लांब उभं राहावं लागे, आणि छप्पननंतर बाबांनी घरात एकच गोष्ट शिकवली होती: आता कुणापुढं गुडघा टेकायचा नाही. दाजींनीही ती पाळली होती. चेरमनच्या घरी ते कधी काम मागायला गेले नव्हते की हात जोडून उभे राहिले नव्हते.

चेरमन म्हणाले, "अजून माल यायलाय. गुरुजी, ती दुसरी खोली बी लागंल." दाजी उठले. मला वाटलं, आता बोलतील. पण बोलायला गेलं तर थप्पी का झुकली ते सांगावं लागणार, म्हणून असेल, किंवा इतक्या सोमवारांची सवय म्हणून असेल, दाजी भर सभेत गुडघ्यावर उतरले. एक हात वर करून थप्पीकडं दाखवत ते पट्ट्यांवरून गुडघ्या-गुडघ्यानं चेरमनकडं निघाले. सगळ्यांना वाटलं, हेडमास्तर चेरमनच्या पाया पडायला निघाले. दारापाशी आमची माणसं ताठ झाली. सगळ्यात जास्त घाबरले ते चेरमन. गुरुजींनी आपल्या पाया पडावं म्हणजे केवढं पाप! "आवो गुरुजी! काय करायलाव ह्ये! उठा आधी!" असं ओरडत ते आयुष्यात पहिल्यांदा चपळाईनं खुर्चीतून उठले, दाजींना उचलायला वाकले, धोतराच्या सोग्यात पाय अडकला आणि धप्पकन खाली बसले. दाजी त्यांच्यासमोर गुडघ्यावर. दोघांची तोंडं एका उंचीला आली. दाजी हळू आवाजात म्हणाले, "आता वर बघा."

चेरमननी बसल्या बसल्या वळून वर बघितलं. पोत्यांची ती भिंत त्यांच्यावर वाकलेली होती. त्यांनी बसल्या जागी मागं सरकायचा प्रयत्न केला, पण मागं माणसं होती. "आगायाया," ते पुटपुटले. मग त्यांनी विचारलं, "माझी नात कुठं बसती वो?" "तुमी बसलाव ना," दाजी म्हणाले, "तिथंच." चेरमनची नजर वरून खाली उतरत तळाच्या पोत्यांवर आली, आणि मला दाजींचा चेहरा पडलेला दिसला. ते पटकन सरकून भोकांपुढं आडवे आले, पण दाजींची देहयष्टी ती केवढी? चेरमननी हात लांब करून एका भोकातून पेन्सिलीचा तुकडा उपसला. त्यामागोमाग चार दाणे गळाले. तो तुकडा ते बघत राहिले. त्यांना सगळं कळलं होतं, ते मला तिथून दिसत होतं. मग त्यांनी मूठ मिटली, दाजींच्या खांद्याचा आधार घेऊन कसेबसे उभे राहिले आणि सभेला म्हणाले, "उंदरं लई झाल्यात हितं. बारकी बारकी उंदरं. उद्याच्याला समदी पोती माज्या वसरीत टाका." एवढं बोलून ते खुर्चीत बसले नाहीत, खुर्ची न घेताच घरी गेले.

दुसऱ्या दिवशी दाजींनी सगळी शाळा पार ओढ्याच्या पलीकडं नेऊन बसवली आणि हमालांनी वरपासून पोती उतरवली. एकही पोतं पडलं नाही. काहीही झालं नाही. गावानं त्यावरून दाजींची यथेच्छ चेष्टा केली, एवढा तमाशा कशासाठी केलात, बघा, पोती कशी शहाण्यासारखी गेली! दाजींच्या सगळ्या आयुष्याचं हेच झालं. ज्याच्यासाठी ते धडपडत ते कधी घडायचंच नाही, आणि जे घडलं नाही त्याचं श्रेय कोण कुणाला देणार? खरं काय ते फक्त दाजींना, चेरमनना आणि मला माहीत होतं. तिघांनीही ते तोंडाबाहेर काढलं नाही. एवढं मात्र झालं, की त्यानंतर रोज सकाळी चेरमनच्या घरून पहिलीच्या पोरांसाठी मिलोच्या कण्यांचं पातेलं येऊ लागलं. नातीला एकटीला शाळेत खायला लाज वाटते, असं कारण ते सांगत.

पण बातमी काही थांबत नाही. जावयानं चेरमनपुढं गुडघे टेकले, हे बाबांच्या कानावर गेलं. ते मिळेल त्या एस्टीनं आले, ओट्यावर बसले, आणि आक्कानं दिलेला पाण्याचा तांब्या त्यांनी तसाच ठेवला. लेकीच्या घरचं पाणी न पिणं म्हणजे काय, हे सांगायला नको. "खरं हाय का?" त्यांनी विचारलं. दाजी म्हणाले, "टेकलो न्हाय, मामा. उंची मोजत होतो." बाबांना ही चेष्टा वाटली. पोरांची नावं निघतील म्हणून दाजी यापलीकडं एक अक्षर बोलेनात, आणि ती पोरं बहुतेक आपल्याच वस्तीतली, हे माहीत असल्यामुळं मलाही बोलता येईना. आक्का चिडून म्हणाली, "ऱ्हाऊ द्या. दुष्काळात तेवढंच पाणी वाचलं." बाबा मुक्कामाला राहिले ते फक्त परतीची एस्टी गेली होती म्हणून. दुसरा दिवस सोमवार. दाजी उजाडताच निघून गेले होते. मी बाबांना म्हटलं, "चला, शाळा तरी बघा माझी." शाळेच्या दारात बाबा थांबले. आत कुणी नव्हतं, आणि त्या रिकाम्या वर्गात आमचे दाजी एकटेच गुडघ्यांवर हिंडत होते. भिंतीवरून तळहात फिरवत होते, एका जागी बसून बघत, पुढच्या जागी सरकत, उंबऱ्याच्या टवक्याला दम देत होते. त्यांच्यापुढं चेरमन नव्हता, साहेब नव्हता, कुणीच नव्हतं. बाबा दारातूनच हे सगळं बघत होते. मग ते वाकले. गुडघा नाही टेकला त्यांनी, पण काठीवर भार देऊन बरेच खाली वाकले, आणि म्हणाले, "जावईबापू, त्या पल्याडच्या कोपऱ्यात एक खिळा हाय बघा." दाजी म्हणाले, "कुठं, कुठं?" आणि तिकडं रांगत गेले. घरी आल्यावर बाबा ओट्यावर बसले आणि आक्काला हाक मारून म्हणाले, "पानी दे गं."

ते पाणी ते तांब्याभर प्यायले. पुढं बदल्या झाल्या, दाजींनी मुरूमकडच्या शाळा केल्या, लोहाऱ्याकडच्या केल्या, जिथं गेले तिथल्या टेबलाला चिंध्या बांधल्या, आणि तसेच निवृत्त झाले. निरोपाच्या समारंभात वक्त्यांची पंचाईत झाली. कुणा मास्तरनं खोल्या बांधलेल्या असतात, कुणाची पोरं पहिली आलेली असतात. यांच्याबद्दल सांगायचं काय? यांच्या शाळेत कधी काही झालंच नाही. शेवटी सगळ्यांनी त्यांच्या साध्या राहणीची स्तुती केली आणि आक्का पहिल्या ओळीत बसून त्यांच्या गुडघ्यावरची ठिगळं बघत राहिली.

आता दाजींना गुडघे वाकवताच येत नाहीत. मागं मी आणि आक्का त्यांना धाराशिवला दवाखान्यात घेऊन गेलो. डॉक्टर तरुण होता, मायाळू होता. त्यानं पायजमा वर सरकवला, दोन्ही गुडघ्यांवरच्या काळ्या, जाड, टणक घट्ट्यांवरून अंगठा फिरवला आणि आदरानं म्हणाला, "आजोबांनी देवाचं फार केलेलं दिसतं." आमच्या घरात कधी देव्हारा नव्हता. मी सांगायला तोंड उघडलं, तोच आक्कानं माझा हात दाबला. जन्मभर ज्या गुडघ्यांना शिव्या देत तिनं ठिगळं लावली त्यांच्याकडं बघत ती म्हणाली, "व्हय, डॉक्टरसाहेब. लई केलं." मला वाटलं, आता दाजी काहीतरी बोलतील. पण त्यांचं आमच्याकडं लक्षच नव्हतं. दारातून कुणाचं तरी लहान लेकरू आईचा हात सोडून आत आलं होतं आणि डॉक्टरच्या टेबलापाशी खेळत होतं. दाजींनी बसल्या जागेवरून हात लांब केला, टेबलाच्या कोपऱ्यावर तळहात झाकून धरला, आणि ते लेकरू तिथून जाईपर्यंत काढला नाही.